काकूंच्या बोलण्यातला निळा

इंदूरमध्ये खोली भाड्यानं देणारे लोक नोकरी कुठे, लग्न झालंय का, अंडं खाता का, एवढं विचारतात. मला पहिल्याच घरात एका गृहस्थांनी खिडकीपाशी उभं केलं, स्वतः समोर वेताच्या मोढ्यावर बसले आणि म्हणाले, "म्हण, तांब्यात पाणी आहे."

मी सांगलीची. असलं काही कुणी सांगितलं की मला आधी राग येतो, विचार मागनं येतो. "कुठल्या तांब्यात?" मी विचारलं.

"कुठल्याच नाही. बस म्हण. आणि तोंड खिडकीकडे नको, माझ्याकडे कर."

स्वयंपाकघराच्या दारात एक ठेंगण्याशा बाई पदराला हात पुसत उभ्या होत्या. त्यांनी डोळ्यांनीच मला खूण केली, म्हणून टाक बाई एकदाचं. रात्रभरच्या बसप्रवासानं माझं अंग आंबलेलं होतं. मी म्हणून टाकलं. गृहस्थांनी सदऱ्याच्या खिशातून घडीचं एक पुस्तक काढलं. भिंतीच्या रंगांचं, हार्डवेअरच्या दुकानात मिळतं ते शेडकार्ड. नाकाला लावून ते बराच वेळ शोधत राहिले आणि शेवटी एका चौकोनावर बोट ठेवून म्हणाले, "विटकरी. थोडी मातकट आहे, पण चालेल. एक तारखेपासून ये."

अशी मला स्नेहलतागंजमधली ती तळमजल्यावरची, लागून बाथरूम असलेली खोली मिळाली. मी पीथमपूरच्या एका कारखान्यात लागले होते, प्लास्टिकच्या मालाचे रंग जुळवायच्या विभागात. दिवसभर दोन तुकडे शेजारी धरून हा त्याच्यासारखा आहे की नाही, एवढंच बघायचं. घरमालक काकांना ते सांगितल्यावर ते इतके खूश झाले की म्हणाले, "अरे वा! मग तू आमच्याच लाइनीतली." आमची लाइन कुठली ते मला कळायला महिना गेला.

त्यांची लाइन अशी. बोलताना तोंडातून हवा निघते हे सगळं जग मानतं. हवेबरोबर उजेडही निघतो, इतकंच काकांचं म्हणणं. ‘आ’ केशरी, ‘ई’ कोवळा पोपटी, ‘ऊ’ जांभळाकडे झुकणारा. ‘प’ आणि ‘ब’ टिकल्यांसारखे फुटतात. ‘म’ आणि ‘न’ म्हणजे पडद्याआड ठेवलेला दिवा. ‘स’ला स्वतःचा रंगच नाही, तो नुसता भुसा उडवतो. हे सगळं ते मला पोहे खाता खाता सांगायचे, आणि मी त्यांच्या ओठांकडे बघत बसायचे. मला फक्त शेव दिसायची.

"हे अक्षरांचे रंग सगळ्यांचे एकच," ते सांगायचे. "पण दर माणसाची आपली एक झाक असते. ती सगळ्या अक्षरांवरून फिरते. त्या झाकेवरून माणूस कळतो."

"आणि तो काय बोलतोय त्यावरून?"

"ती कानाची भानगड आहे. शिवी दे नाहीतर आरती म्हण, उजेड तोच. मी अर्थात पडत नाही."

ते खरोखरच पडत नसत. भाजीवाला ‘टमाटे संपले’ म्हणाला तरी हे त्याच्यासमोर पिशवी उघडी धरून उभे. कॉलनीत भांडण लागलं की लोक मध्ये पडायला जात, काका बघायला जात. एकदा दोन शेजारी पार्किंगवरनं एकमेकांच्या सात पिढ्यांचा उद्धार करत होते. काका पायरीवर उभे राहून मला म्हणाले, "बघ, बघ, त्या जाड्याचा ‘भ’ काय सुंदर निघतोय!" ते त्या जाड्यानं ऐकलं. मग भांडण आमच्या घराकडे वळलं आणि मलाच जाऊन मिटवावं लागलं.

टेलिफोन खात्यात त्यांची सगळी नोकरी गेली, तीही ऑपरेटर म्हणून. कानाला हेडफोन लावून दिवसभर अनोळखी माणसं एकमेकांना जोडून द्यायची. फोनमध्ये तोंड दिसत नाही, म्हणून उजेडही नाही. "दिवसभर काळी माणसं," काका म्हणायचे. "काळं हॅलो, काळं ट्रंक कॉल, काळं कोण बोलतंय. घरी यायचो तर डोळे भुकेले." मोबाइलला ते हात लावत नसत. मुलगी बंगळुराहून व्हिडिओ कॉल करायची, तेव्हाही उठून अंगणात जायचे. पडद्यावर बल्बचा उजेड असतो, माणसाचा नसतो, म्हणे. सकाळी कचरागाडी गाणं लावून आली की गाण्याकडे पाठ, आणि ड्रायव्हर खाली उतरून ‘गीला-सूखा अलग करो’ ओरडला की हे कौतुकानं त्याच्या तोंडासमोर.

खरं सांगते, मी त्यांची टर उडवायला सुरुवात केली होती, पण उडवता उडवता मलाच ते कोडं पडलं. एकदा मी त्यांच्या कानांत कापसाचे बोळे घातले, त्यांना आतल्या खोलीत बसवलं आणि काचेच्या बंद दाराबाहेर उभं राहून एक वाक्य बोलले. त्यांनी शेडकार्डावर बोट ठेवत ठेवत रंग सांगितले. बरोबर की चूक मी काय कप्पाळ ठरवणार? परीक्षकही तेच आणि परीक्षार्थीही तेच. म्हणून मी गुपचूप ते रंग मोबाइलमध्ये टिपून घेतले आणि बरेच दिवस मध्ये जाऊ देऊन, काही न सांगता, तेच वाक्य तसंच परत बोलले. रंग तेच, त्याच क्रमानं. मी आत जाऊन मोबाइल त्यांच्यासमोर धरला.

"पटलं?" काकांनी विचारलं.

"नाही," मी म्हणाले. "पण खोटंही म्हणवत नाही."

"बस! एवढंच पाहिजे. हिनं तर एवढंसुद्धा कधी नाही म्हटलं."

ही म्हणजे काकू. आणि इथे मला त्या घराची दुसरी गंमत सांगायला हवी, जी मला आधी गंमत वाटली आणि पुढे वाटेनाशी झाली. काका-काकू एकमेकांशी बोलत नसत. भांडण म्हणावं तर आवाज नाही, अबोला म्हणावं तर रोज एका ताटलीत दोघांचा नाश्ता. मधे मी. "बेटा, यांना सांग चहा झालाय." दोघांत हातभर अंतर. "काका, चहा झालाय." "सांग तिला, साखर कमी." "काकू, साखर कमी." सकाळी कंपनीची बस पकडायच्या आधी माझे असे बरेच कॉल जोडून व्हायचे. काका आयुष्यभर एक्स्चेंजवर बसले आणि म्हातारपणी घरात मला बसवलं. भाडं कमी का घेतात ते मला तेव्हा कळलं.

काकू बोलक्या होत्या, ही त्यातली आणखी एक गोष्ट. काका बाहेर गेले की काकूंचा नळ सुटायचा. मटार सोलता सोलता त्यांनीच मला सगळं सांगितलं.

"बड़ा गणपतीजवळ माझं माहेर. हे बघायला आले. सगळ्यांच्या समोर मला म्हणतात, म्हणा, तांब्यात पाणी आहे. मी म्हटलं, आणून देऊ का? सगळे हसले. हे नाही हसले. बघतच बसले माझ्याकडे. मला वाटलं मी पसंत पडले. नंतर मालूम पडलं, माझी झाक पसंत पडली होती."

"कुठली होती?"

"निळी. गोकर्णीचं फूल असतं ना, तशी. ड्यूटीवरून यायचे, तिथे मोढ्यावर बसायचे आणि म्हणायचे, बोल काहीपण. मी बोलायची. भाजीचं बोलायची, सासूबाईंचं बोलायची, शाळेत पोरीनं काय केलं ते. हे असे एकटक बघायचे. माझ्या बहिणी म्हणायच्या, तुझा नवरा किती लक्ष देऊन ऐकतो ग! मला पण तेच वाटून राहिलं होतं."

"मग?"

"मग काय. काही वर्षांमागं एक दिवस जेवता जेवता म्हणाले, तुझ्या बोलण्यात आता काही राहिलं नाही. निळा गेला. पिवळी पडलीस. मी म्हटलं, ठीक आहे. नाही राहिलं तर नाही बोलत." काकूंनी मटाराची शेंग इतक्या जोरात मोडली की दाणे जमिनीवर गेले. आम्ही दोघी वाकून वेचत बसलो.

काकांची बाजू मला काकांनी सांगितली. झाक ही जीवातून येते, असं त्यांच्या शास्त्रात होतं. जीव लावून बोललं की झाक, जीव उडाला की हळद. त्यांना वाटत होतं, काकूंचा त्यांच्यावरचा जीव उडाला. "मी बरेच दिवस बोललो नाही तिला," ते म्हणाले, "पण दिसायला लागलं होतं. हळूहळू. पहिले कडेचा निळा गेला, मग आतला. आता बघावंसं नाही वाटत." असं म्हणून त्यांनी चहा कपाऐवजी बशीच्या कडेला ओतला आणि तो टेबलावरून माझ्या कुर्त्यावर आला.

एकट्या काकूच नव्हे, काकांच्या मते सगळं शहरच पिवळं पडत चाललं होतं. दूधवाला, बँकेतली बाई, देवळातले गुरुजी. "इंदूरची बोली पोह्यासारखी झालीय," ते तावातावानं सांगायचे. "लोक जीव लावून बोलतच नाहीत आता." लोकांनाही ते तोंडावर सांगत. बँकेतल्या बाईंनी तर त्यांना येताना पाहिलं की खिडकी बंद करायला सुरुवात केली होती.

एका सकाळी काकू मला म्हणाल्या, "यांना सांग, मला दिवसातनं इतक्यांदा जिना होत नाही आता." त्यांची झोपायची खोली वर, स्वयंपाकघर खाली, नि बाथरूम पुन्हा वर. मी कॉल जोडला. "काका, काकू म्हणतायत, जिना होत नाही."

काका काकूंच्या तोंडाकडेच बघत होते. "बघितलंस? ‘जिना’ म्हणताना पूर्वी कसली निळी कड यायची. आता निव्वळ हळद."

काकू वर गेल्या. एकेका पायरीवर दोन्ही पाय ठेवत. मला इतका संताप आला की पोहे तसेच टाकून मी बस पकडायला गेले.

माझ्या डोक्यात पहिल्यांदा काही खटकलं ते माझ्याच कुर्त्यावरून. मी निळा कुर्ता घातला होता, चांगला स्वच्छ निळा, आणि काका म्हणाले, "हिरवा शोभतो तुला."

"निळा आहे काका."

"मला रंग शिकवतेस? हिरवा आहे."

मी वाद घातला नाही, पण बसमध्ये आमच्या कारखान्यातले एक जुने साहेब आठवत राहिले. रंगाचा मोठा दर्दी माणूस. मी लागले त्याच्या जरा आधी त्यांच्या हातचा माल परत यायला लागला होता. प्रत्येक घाण्यात निळा जास्त. मशिन तपासलं, पूड तपासली, शेवटी कुणीतरी साहेबांचे डोळे तपासले. मोतीबिंदू. त्यांना निळा कमी दिसायचा म्हणून ते बिचारे घालत राहिले होते. काकांना मोतीबिंदू आहे हे घरात सगळ्यांना माहीत होतं. डॉक्टरांनी दोन्ही डोळे करून घ्या म्हणून सांगितलं होतं, मुलगी फोनवर रडून झाली होती. काका ऐकत नव्हते. डोळ्याला सुरी लागली की उरलेसुरले रंगही जातील, ही त्यांची भीती.

रविवारी उन्हं चांगली वर आल्यावर मी त्यांचं शेडकार्ड मागितलं. त्यात दर चौकोनाखाली रंगाचं नाव छापलेलं असतं, आणि काकांना पानंच्या पानं पाठ होती. मी एका जाड कागदाला चौकोनाएवढी खिडकी कापली आणि नावं झाकून, पानं मागेपुढे करून, एकेक रंग त्यांच्यासमोर धरला. काकू समोरच बसून तांदूळ निवडत होत्या.

"हा?"

"केशरी."

बरोबर. पुढचा? "पिवळा." बरोबर. पुढचा? "हिरवट राखाडी." मी पान उलटलं. पुढचा? "हा पण तसाच. मातकट." पुढचा? "काळा."

मी कागद उचलला. काकांनी नावं वाचली. हिरवट राखाडी म्हणाले तो आकाशी होता. मातकट म्हणाले तो जांभळा. काळा म्हणाले तो गर्द निळा, गोकर्णीच्या फुलाचा. त्यांनी कार्ड हिसकावून घेतलं, अंगणात उन्हात नेलं, चष्मा काढला, घातला, पुन्हा काढला. बराच वेळ त्यांची पाठ तेवढी दिसत होती. काकूंचा हात तांदळात थांबला होता.

बाकी काही असो, माणूस शास्त्राशी इमानदार होता. आत आले आणि म्हणाले, "प्रयोग म्हणजे प्रयोग." मग पायरीवर जाऊन बसले. मी शेजारी बसले.

"म्हणजे निळा गेला नसेल काका. पोचत नसेल तुमच्यापर्यंत."

"नसेल," ते म्हणाले. "किंवा असेल. पोरी, आत्ता निदान शक आहे, खात्री नाही. ऑपरेशन करून डोळे साफ झाले आणि तरी ती पिवळीच दिसली, तर? मग शकसुद्धा नाही उरणार माझ्याकडे." इतके दिवस मी ज्याला चक्रम म्हातारा समजत होते त्याला बायकोची इतकी भीती वाटत होती, आणि ती त्यानं कुण्णाला सांगितली नव्हती.

मला दया आली, पण जिन्यावरचे काकूंचे पायही आठवले. "मग काकूंनी काय तुमच्या शकावर दिवस काढायचे?" मी म्हणाले.

ते उठले, दारात उभं राहून मला म्हणाले, "सांग तिला, मी ऑपरेशन करून घेऊन राहिलोय. निळं बघायला."

काकू तांदळातून मान वर न करता म्हणाल्या, "सांग त्यांना, निळं बघायचं तर आकाश बघा. फुकट आहे."

एका डोळ्याचं ऑपरेशन झालं. दुसऱ्या दिवशी पट्टी निघाली आणि काळा चष्मा लावून आम्ही त्यांना रिक्षातून घरी आणलं. चष्मा कसला राहतोय! रस्त्याभर ते तो वर करून करून बघत होते. रिक्षावाल्यानं ‘किधर लूं बाउजी’ विचारलं तर हे ओरडले, "अरे भिया, तू तर जांभळा आहेस!" तो घाबरून बाजूला थांबला. पुढचे दोन दिवस काका माफ्या मागत हिंडले. दूधवाल्याची मागितली, गुरुजींची मागितली, बँकेत जाऊन त्या बाईंची मागितली. एका हाताने जुना डोळा झाकायचा, समोरच्याला म्हणायचं, जरा बोलून दाखव. मग नवा डोळा झाकायचा, आता बोल. मलासुद्धा सांगितलं, "तू विटकरी नाहीस गं. डाळिंबी आहेस. मी काय काय बोललो तुला!" मला उगाचच बरं वाटलं. डाळिंबी म्हटलेलं कुणाला आवडणार नाही?

सगळं शहर बोललं. काकू बोलल्या नाहीत.

अक्षरसुद्धा नाही. माझ्यामार्फतही नाही. काका घरात असले की ओठ मिटलेले. चहा झाला की कप आपटून सांगायच्या. काका कधी मोढ्यावर, कधी जिन्यात, कधी कपडे वाळत घालताना त्यांच्यासमोर जाऊन उभे राहायचे, तोंडाकडे आशेनं बघत. काकू पाठ फिरवायच्या. काकांचा चेहरा बघवत नव्हता. ते बँकेत गेल्यावर मी काकूंना म्हणाले, "असं काय करता? एक वाक्य बोलून टाका."

"कशाला? तांब्यात पाणी आहे म्हणू?" काकू उसळल्या. "एकदा दिली मी परीक्षा. पास झाले. मग त्यांनीच मला नापास करून टाकलं, मला न सांगता, न विचारता. आता त्यांचा डोळा दुरुस्त झाला म्हणून मी परत फॉर्म भरू? मला नाही द्यायची कुणाला परीक्षा." आणि जरा थांबून, हळू आवाजात, "आणि नसला निळा, तर?"

म्हणजे भीती दोघांना सारखीच होती. मधे बसून मी एकटीच दोन्हीकडची ऐकत होते.

तिसऱ्या दिवशी सकाळी काकू गॅससमोर उभ्या होत्या, दूध तापत होतं. काका एक डोळा तळहातानं झाकून त्यांच्यामागे, अगदी खांद्यापाशी, तोंड कधी उघडतंय याची वाट बघत. काकू डावीकडे वळल्या, हे डावीकडे. उजवीकडे वळल्या, हे उजवीकडे. त्यात काकांचं कोपर ओट्यावरच्या तेलाच्या बुधलीला लागलं आणि बुधली खाली. तेल सगळ्या फरशीवर.

"कमाल झाली!" काकू ओरडल्या. "आंधळे होतात तेव्हा बरे होतात! आता हे तेल कोण पुसणार? खाली बसवतं का मला? काय बघताय? काय बघून राहिलाय माझ्या तोंडाकडे? इतकी वर्षं मी या घरात बोलले, बोलले, बोलले, आणि तुम्ही..." आणि मग जे काय सुटलं ते सुटलं. सासूबाईंपासून सुरू झालं, पोरीच्या लग्नापर्यंत आलं, तिथून पिवळं म्हटलेल्या त्या जेवणावर गेलं. मी फडकं घेऊन दारात उभी.

काका हलले नाहीत. तेलात उभे होते. झाकलेल्या डोळ्यावरचा हात गळून खाली आला होता, आणि चेहरा असा झाला होता की मी कधी विसरणार नाही. डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

"आहे," ते म्हणाले. "अगं, आहे. सगळा आहे. कडेचापण आहे."

काकूंच्या तोंडावरून काहीतरी झरकन गेलं. मला वाटलं, झालं, मिटलं. मी हसायलाच लागले होते.

"असेल," काकू म्हणाल्या. "पण मी आत्ता काय बोलले?"

काकांनी माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली, हा कॉल मी जोडणार नव्हते.

"नाही ना सांगता येत?" काकूंचा आवाज आता चढलेला नव्हता. "निळा होता तेव्हा पण नव्हतं ऐकलं. नुसतं बघितलंत मला. सगळा जन्म बघितलंत."

दूध वर आलं होतं. मी पुढे होऊन गॅस बंद केला. काका तेलातून पाय उचलून मोढ्यापर्यंत गेले, बसले. मग त्यांनी दोन्ही डोळे मिटून घेतले, आणि एवढ्यानं भागणार नाही असं वाटलं की काय, वरून दोन्ही हातही धरले. जो माणूस अंधारातल्या आवाजाला आयुष्यभर कंटाळला, फोन वाजला की अंगणात पळाला, तो आपण होऊन काळोख करून बसला होता. आणि समोर तो निळा होता, जो इतक्या वर्षांनी हाती लागला होता.

"बोल," ते म्हणाले.

काकू म्हणाल्या, "माझे गुडघे दुखतात. मला जिना चढवत नाही."

"कधीपासून?"

ओट्याला धरून काकू हळूहळू खाली, पाटावर बसल्या. "दिवाळीच्या साफसफाईत पडले होते ना मी, तेव्हापासून. तुम्हाला सांगितलं होतं."

"हो," काका हातांआडून म्हणाले. "सांगितलं असशील. मग? अजून?"

"मला खाली झोपायचंय. खालच्या खोलीत." काकूंनी माझ्याकडे बघितलं, आणि एकदम ओशाळून म्हणाल्या, "पण तिथे ही पोरगी राहते. ती कुठे जाणार? म्हणून मी बोलत नव्हते."

मी फडकं तेलावर टाकलं आणि खाली बसून पुसायला लागले. काकू पुढे सांगत होत्या, काका डोळे झाकून ‘मग?’ ‘मग?’ करत होते. दोघांपैकी कुणालाही माझी गरज नव्हती.

त्याच संध्याकाळी मी भंवरकुआंकडे खोली शोधायला गेले. तिथे सगळी कोचिंगची पोरं, रात्रंदिवस गलका, घरमालकीण भाडं आगाऊ मागणारी, आणि तिनं मला एक वाक्यसुद्धा म्हणायला लावलं नाही. खोली आवडली नाही. तरी घेतली, आणि परत येताना काका-काकूंसाठी जिलेबी घेऊन आले.